मुठीतला संच

"डोकं दुखतंय त्यांचं," सिस्टर म्हणाली. "सकाळपासून बघतेय, सारखी मूठ कपाळाला लावतायत. डॉक्टरांना विचारून गोळी देते."

"गोळी मघाशीच दिलीत की," ताई म्हणाली.

"मग आणखी काय करणार, सांगा? प्रेशर बघा किती चढलंय."

बाबांनी डावी मूठ पुन्हा कपाळाला लावली. हलकेच, दोनदा. मग ताईकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि डोळे वटारले. हे डोळे आम्हाला लहानपणापासून माहीत. वर्गात फळ्यावरचं उत्तर समोर दिसत असूनही पोरं गप्प बसली, की बाबा असे बघायचे. उजवं अंग आणि वाचा दोन्ही एकाच झटक्यात गेली होती. मान ते सगळ्यालाच हलवत. पाणी हवं का, तर हो. नको का, तरीही हो. त्यामुळे विचारण्यात राम नव्हता.

मी खिडकीशी उभा होतो. ताईनं स्टूल पुढे सरकवलं, तर मी बसायच्या आधी ते उलटं करून त्याचा पाय घट्ट केला. मला बसवतच नाही, काय करू? बाबा मला भिंगरी म्हणत. लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या माणसाला ते शोभूनही दिसतं म्हणा, दिवसभर वर-खाली, वर-खाली. पण त्या दिवशी दुसऱ्या दिवसाचं ऑपरेशन डोक्यावर होतं. मानेतली रक्तवाहिनी साफ करायची होती. प्रेशर असंच राहिलं तर पुढे ढकलावं लागेल, आणि ढकलण्यात धोका आहे, असं डॉक्टर सांगून गेले होते. "यातून उठतील ना?" असं ताईनं विचारलं, तेव्हा ते म्हणाले, "आपण प्रयत्न करू." लिफ्टची मोटर पार गेलेली असते ना, तेव्हा मीही गिऱ्हाइकाला हेच सांगतो.

"भिंगरी, एका जागी उभा राहशील का जरा?" ताई वैतागली. "तू फिरतोस तसे त्यांचे डोळे फिरतायत."

मी थांबलो. बाबांनी माझ्याकडे बघत मूठ कपाळाला लावली. टक, टक. आणि मला एकदम आमचं जेवणाचं टेबल आठवलं.

"ताई, डोकं दुखत नाहीये त्यांचं! डोक्यात संच आहे!"

ताई आधी माझ्याकडे बघतच राहिली. मग तिचा हात तोंडावर गेला.

आमच्या घरी जेवताना हा खेळ चालायचा. बाबा शाळेत गणित शिकवायचे आणि घरीही त्यांचं तेच. मूठ कपाळावर टेकवून म्हणायचे, "डोक्यात एक संच आहे. घटक शोधा." आम्ही एकेक संख्या विचारायची. संख्या संचातली असली तर ते मूठ मिटायचे. म्हणजे आत. नसली तर पंजा उघडायचे. म्हणजे बाहेर. पुरेसे आत-बाहेर झाले, की नियम सांगायचा. बरोबर आला तर ते टेबलावर दोनदा टकटक करायचे, आणि ती टकटक ऐकायला ताई जीव टाकायची. मी मात्र घाई करायचो. दोन आत, चार आत, आठ आत, की मी ओरडलोच, "सम संख्या!" बाबा म्हणायचे, "सहा?" आणि पंजा उघडून दाखवायचे. "भिंगरे, नियम सांगायची घाई करू नकोस. आधी आपला नियम मोडून बघ. मोडता आला नाही, तर तो खरा."

"बाबा," ताई वाकून म्हणाली, "डोक्यात संच आहे?"

बाबांच्या डोळ्यांतून पाणी आलं. बोटाचं पेर पलंगाच्या लोखंडी कठड्यावर वाजलं. टक, टक. सिस्टर म्हणाली, "अगंबाई," आणि हातातली गोळी पुन्हा डबीत टाकली.

"संख्या आहेत?" ताईनं विचारलं.

पंजा उघडा.

"वस्तू?"

पंजा उघडा.

"माणसं?"

मूठ मिटली नाही आणि पंजाही उघडला नाही. हात नुसता हवेत डुलला, नौकेसारखा.

"थकले असतील," मी म्हणालो. "माणसंच असणार गं. उद्यासाठी कुणाला तरी बोलवायचं असेल. पटापट नावं घे, आपण फोन लावू."

"मी?" ताईनं पहिलं स्वतःलाच विचारलं. लाडकी लेक ती. संख्याशास्त्र शिकवते, बाबांचा शब्द खाली पडू दिला नाही कधी. तिला वाटलं असणार, आपण तर आतच.

पंजा उघडा. बाहेर.

ताई चादरीची सुरकुती सारखी करत बसली. मग मी भाऊजींचं नाव घेतलं. बाहेर. माझ्या बायकोचं घेतलं. बाहेर. काकांशी बाबांचं किती वर्षं बोलणं नव्हतं. शेवटच्या वेळी भेटायचं असेल म्हणून काकांना विचारलं, तर तेही बाहेर. शाळेचे जुने हेडमास्तर बाहेर. आता उरलं कोण? भेटीची वेळ संपत आली होती, दाराशी वॉचमन घड्याळ बघत येरझाऱ्या घालत होता, आणि प्रेशरचं यंत्र मधूनच पीं पीं करत होतं.

"आई?" ताई सहज बोलून गेली.

मूठ मिटली. इतकी घट्ट, की नखं तळव्यात रुतली असतील.

आई जाऊन किती वर्षं झाली होती. तिला कुठला फोन लावणार? म्हणजे कुणाला बोलवायचं असल्याचा माझा नियम तिथेच मोडला.

"गेलेली माणसं असतील," ताई हळू म्हणाली. "आजी?"

बाहेर.

"गेलेलीही नाहीत मग," ताई पुटपुटली.

तेवढ्यात सिस्टर पुन्हा आत आली. "उद्या सकाळी मान आणि दाढी साफ करायला आमचा माणूस येईल हं. उपाशी ठेवायचंय, पाण्याचा थेंबही नाही."

मला कशातही चेष्टा सुचते, विशेषतः जीव घाबरला की. मी म्हणालो, "तुमचा माणूस कशाला? आपल्या कोपऱ्यावरच्या सलूनवाल्यालाच बोलावतो. काय बाबा?"

मूठ मिटली. पुन्हा तशीच, घट्ट.

ताई आणि मी एकमेकांकडे बघत राहिलो. सलूनवाला! बाबा त्या दुकानाची पायरी चढून जमाना झाला होता. आधी दर आठवड्याला जायचे. मग एकदा मनगटी घड्याळ हरवलं. दाढीच्या वेळी काढून ठेवलं होतं, म्हणून बाबांनी भर रस्त्यात सलूनवाल्याला चोर म्हटलं. तो बापडा म्हणत राहिला, "मास्तर, तुम्ही घड्याळ घालून आलाच नव्हता." पुढे ते घड्याळ आईला जुन्या कोटाच्या अस्तरात सापडलं. आता ते माझ्या मनगटावर असतं. घड्याळ सापडलं तेव्हापासून बाबा दाढी करायला पार स्टेशनपलीकडे जायला लागले, आणि त्या कोपऱ्यावरून जाताना रस्ता ओलांडून पलीकडच्या कडेनं चालायला लागले.

"आई आणि सलूनवाला," ताई म्हणाली. "दोघांत सारखं काय?"

"दोघंही बाबांचे कान धरायचे."

"भिंगरी!"

"बरं, सांग मग तू. ज्यांच्याशी बोलणं बंद, असं म्हणशील तर काका बाहेर आहेत."

ताईनं डोळे मिटले. गणित सोडवताना ती अशीच दिसायची. "थांब हं," ती म्हणाली. "माणसं का, विचारलं तेव्हा हात डुलला होता. बाबा थकले म्हणून हात डुलवणार नाहीत, ते तसले नाहीत. माणसं आहेत, पण सगळीच माणसं नाहीत. आणि वस्तूही नाहीत." तिनं डोळे उघडले. "बाबा, काळ्या?"

मला हसूच फुटलं. "अगं, काळ्या काय! कुत्र्याला विचारतेस?"

मूठ मिटली. बाबांचं तोंड डावीकडून जरासं हसलं. शाबास म्हणायचं होतं त्यांना. इतक्या दिवसांत पहिल्यांदा ते आमचे बाबा दिसले.

"आई, सलूनवाला आणि काळ्या," ताई म्हणाली. आनंद क्षणभरच टिकला. "आता तू राहिलास. विचार ना स्वतःला."

"मला काय विचारायचंय? मी बाहेरच असणार."

"विचार तर."

"त्या लिफ्टचं दार कधीपासून खडखडतंय," मी म्हणालो. "बघून येतो."

खरं सांगायचं तर मी पळालो. माझ्यात आणि बाबांत एक जुनं प्रकरण होतं. नववीत त्यांनीच पेपर काढला होता. प्रश्न असा: एका संचात तीन घटक आहेत. तिन्ही नैसर्गिक संख्या, दहापेक्षा लहान. एकही मूळ संख्या नाही. बेरीज एकोणीस. संच लिहा. मी महिरपी कंसात चार, सहा, नऊ लिहिलं आणि खिडकीबाहेर बघत बसलो. एका ओळीचं उत्तर. पेपर वाटताना बाबांनी भर वर्गात विचारलं, "पायऱ्या कुठायत?" मी म्हटलं, "डोक्यात." ते म्हणाले, "शेजारच्याच्या पेपरात असतील." शेजारी वर्गातला हुशार मुलगा बसायचा, त्याचंही उत्तर चार, सहा, नऊ. आता बरोबर उत्तरं सगळ्यांची सारखीच येणार ना? वेगळी येतात ती चुकलेली! पण हे गणिताच्या मास्तरला कोण सांगणार? त्यांनी माझ्या पेपरावर शून्य काढलं आणि तो सगळ्यांना फिरवून दाखवला. वर्ग हसला. मी त्या दिवसापासून गणिताला रामराम ठोकला, पुढे पाना हातात घेतला, आणि घरात जेवणाच्या टेबलावर बसायचंही सोडलं. ताट घेऊन उभ्यानं जेवायचो. त्याबद्दल ना त्यांनी एक शब्द काढला, ना मी.

आता अशा माणसाच्या तोंडासमोर उभं राहून "मी?" कसं विचारायचं? आत म्हणाले तर काय, आणि बाहेर म्हणाले तर काय?

खाली तळमजल्यावर लिफ्टचं दार अर्ध्यावर येऊन अडकलं होतं. आत स्टुलावर म्हातारा लिफ्टमन बसला होता. मी वरच्या पट्टीत बोट घालून चाचपलं.

"रोलर झिजलाय काका," मी म्हणालो. "एका बाजूनं पार चपटा झालाय. कुणाला सांगितलं नाहीत?"

"सांगितलं नाही?" लिफ्टमन उसळला. "रोज सांगतोय साहेब! दार ओढतंय, दार ओढतंय. ऑफिसात म्हणतात, तुझं नेहमीचंच रडगाणं आहे, दार जोरात ओढत असशील तूच. आता मी खरं बोललो हे त्यांना कधी कळणार? स्ट्रेचर अडकेल तेव्हा. आणि कळल्यावर तरी येऊन सांगतील का, की बाबा रे, तुझं बरोबर होतं? नाव नको!"

माझा हात त्या पट्टीतच राहिला.

काळ्या एका रात्री भुंकून भुंकून घर डोक्यावर घेत होता. बाबांनी उठून त्याला चपलेनं बडवलं आणि बांधून ठेवलं. सकाळी बघतात तर सायकल गायब. सलूनवाला म्हणत होता, तुम्ही घड्याळ घालून आलाच नव्हता. आई म्हणत होती, छातीत जड वाटतंय हो. एकदा नाही, कितीदा. बाबा म्हणायचे, तुला राईचा पर्वत करायची सवयच आहे. आणि मग एका दुपारी ती ओट्यापाशी खाली बसली ती उठलीच नाही.

आणि काकांशी जे भांडण झालं त्यात बाबांचंच बरोबर होतं, हे काका स्वतः कबूल करतात. आजीवर त्यांनी कधी अविश्वास दाखवलाच नाही. ताईवर तर नाहीच नाही. म्हणून ती बाहेर. ती इतकी हुशार, पण तिला नियम दिसला नाही, कारण तिच्यावर ती वेळच कधी आली नाही. मी नियम मोडायचा प्रयत्न केला. मनापासून केला. मोडला नाही.

मी जिन्यानं धावत वर गेलो. वॉचमन म्हणाला, "वेळ संपली." मी म्हटलं, "एकच मिनिट, पाया पडतो," आणि आत घुसलो. बाबांचे डोळे दाराकडेच लागले होते.

"बाबा," मी म्हणालो. "मी?"

मूठ मिटली.

"खरं बोलत होते," मी म्हणालो, "आणि तुम्ही विश्वास ठेवला नाहीत. ते सगळे."

बोटाचं पेर कठड्यावर वाजलं. टक, टक. आणि हात गादीवर पडला. सिस्टर यंत्राकडे बघून म्हणाली, "उतरतंय हो प्रेशर." पण आमचं तिकडे लक्ष नव्हतं.

"म्हणजे," ताईनं माझ्याकडे बघितलं, "तू कॉपी केली नव्हतीस?"

"तुला इतकी वर्षं काय वाटत होतं?"

"मला वाटलं..." ती ओशाळली. "केली असशील."

"वा! शाब्बास! म्हणजे सगळं खानदानच! एकोणीस विषम, म्हणून संचात विषम संख्या एकच हवी, नाहीतर तिन्ही. मूळ नसलेल्या विषम दोनच आहेत, एक आणि नऊ, म्हणून तिन्ही विषम येतच नाहीत. एक घेतला तर उरलेल्या दोघांची बेरीज अठरा हवी, आणि सम राहिल्या चार, सहा, आठ, त्यांची मोठ्यात मोठी जोडी चौदा. म्हणून नऊ. राहिले दहा. चार आणि सहा. यात लिहायचंय काय? तोंडी सुटतं हे!"

बाबांनी मूठ मिटली. अगदी हलकेच. हो, तोंडी सुटतं.

मी कठड्याला धरून उभा राहिलो. "तुम्हाला कधी कळलं?" हा प्रश्न आत-बाहेरचा नव्हता, म्हणून दुसऱ्या तऱ्हेनं विचारला. "त्या हुशारानं येऊन सांगितलं?"

पंजा उघडा.

"घरी येऊन तुमचं तुम्हीच तोंडी सोडवून पाहिलंत?"

मूठ.

"त्याच दिवशी?"

मूठ उशिरा मिटली, पण मिटली.

राग आला मला. खोटं कशाला बोलू? समोर आजारी माणूस आहे, उद्या त्याचं काय होईल ठाऊक नाही, हे सगळं कळत होतं, तरी मस्तकात तिडीक गेली. त्याच दिवशी कळलं होतं! आणि मी घरात उभ्यानं जेवत होतो, तेव्हा हे समोर बसून भात कालवत होते? "बस रे भिंगऱ्या, चुकलं माझं," एवढं म्हणायला काय जीभ झडली असती? आता जीभच गेली, तर मूठ मिटून दाखवतायत!

"फार छान," मी म्हणालो. "फारच छान केलंत." आणि बाहेर पडलो. मागून ताईनं हाक मारली, तिला ओ दिली नाही.

रस्त्यावर मी भिंगरीसारखा फिरलो. फिरता फिरता त्या कोपऱ्यावर आलो. सलूनवाला दुकानाची फळी पुसत होता. केस पांढरे झाले होते, पण मला त्यानं लगेच ओळखलं.

"मास्तरांचा मुलगा ना? काय, पुन्हा घड्याळ हरवलं का?"

मी मनगट पुढे केलं. तो हसला.

"बाबांना उद्या ऑपरेशनला न्यायचंय," मी म्हणालो. "मानेवरचे केस काढायचेत. त्यांनी... त्यांनी तुमचं नाव घेतलंय."

"मास्तरांनी? माझं?"

"वाचा गेलीय त्यांची. पण घेतलंय."

तो बराच वेळ फळी पुसत राहिला, स्वच्छ झाल्यावरसुद्धा. "येतो," तो म्हणाला. "वस्तरा मात्र माझा. त्या दवाखान्यातली यंत्रं गवत कापल्यासारखी चालतात."

घरी गेलो तर बायको म्हणाली, "बसून जेवा की जरा." मी ताट घेऊन उभाच राहिलो. सवय लागली ती लागली.

सकाळी सलूनवाला धुतलेला शर्ट घालून, पेटी काखोटीला मारून हजर झाला. सिस्टरनं आधी कुरकुर केली, मग त्याचे स्थिर हात पाहून गप्प बसली. त्यानं बाबांच्या गळ्याभोवती टॉवेल खोचला, ब्रश फिरवला आणि काल भेट झाल्यासारखा बोलायला लागला. स्टेशनपलीकडचा न्हावी कल्ले वाकडे ठेवतो, हे त्यानं लांबूनच ओळखलं होतं म्हणे. बाबा छताकडे बघत होते.

"मास्तर," वस्तरा हनुवटीखाली आणत तो म्हणाला, "ते घड्याळ सापडल्याचं मला तेव्हाच कळलं होतं बरं का. तुमच्या घरच्या आल्या होत्या दुकानात. म्हणाल्या, त्यांना तोंड दाखवायला जागा नाही, म्हणून मी आलेय. राग धरू नका. मी म्हटलं, वहिनी, तुम्ही आलात, संपलं. त्या म्हणाल्या, ते स्वतः येतील तेव्हाच संपेल."

बाबांच्या डोळ्यांच्या कडेनं पाणी ओघळून फेसात गेलं. सलूनवाल्यानं टॉवेलच्या टोकानं ते टिपलं. "साबण गेला वाटतं डोळ्यात," तो म्हणाला. "थोडंच राहिलंय."

ताईनं माझ्याकडे पाहिलं. आई कोपऱ्यावर गेली होती हे आम्हाला कुणालाच ठाऊक नव्हतं. बाबांनाही नसणार.

मान गुळगुळीत झाली. ताई वाकली. "बाबा, सलूनवाले?"

पंजा उघडला. पूर्ण उघडला, पाची बोटं ताणून. बाहेर.

सलूनवाल्याला आमचा खेळ काय माहीत? त्याला वाटलं, आरसा मागतायत. त्यानं पेटीतला हातआरसा काढून त्या पंजावर ठेवला. बाबांनी स्वतःला पाहिलं. तोंड डावीकडून हसलं.

तो गेल्यावर स्ट्रेचर आलं. मी आधी त्याची चाकं बघितली. एक करकरत होतं, त्यात अडकलेला दोरा काढला. वाकलेलाच होतो, डोकं बाबांच्या हाताच्या उंचीवर. सगळी रात्र तळमळून काढली होती आणि काय काय बोलायचं ते ठरवलं होतं. वर्गातलं शून्य, उभ्यानं खाल्लेलं जेवण, सगळं. पण चाक करकरायचं थांबलं होतं, आणि मला एवढंच सुचलं.

"बाबा, मी?"

ते बघत राहिले. हात तसाच. त्यांच्या मनात काय चाललं होतं ते मला समजलं. उत्तर माझ्याकडे होतं.

"झालं गेलं गंगेला मिळालं," मी म्हणालो. "राग आला होता काल. अजून आहे थोडा. पण तुम्ही सांगितलंत. आता मी कशाला आत बसू?"

पंजा उघडला. माझ्या तोंडासमोर. मी त्यात माझा हात दिला. ग्रीसनं काळी पडलेली नखं माझी, कालपासून धुतलीसुद्धा नव्हती. त्यांनी बोटं मिटली आणि धरून ठेवलं. मी एका जागी उभा होतो. ताई नंतर म्हणाली, आयुष्यात पहिल्यांदा.

लिफ्टमननं दार हातानं ओढून धरलं. "बघा साहेब, आजसुद्धा ओढतंय," तो म्हणाला. मी म्हटलं, "काका, संध्याकाळी मी स्वतः रोलर घेऊन येतो." लिफ्ट खाली जायला लागली. ताईनं बाबांच्या कपाळावरचे केस मागे सारले, आणि तिला विचारल्यावाचून राहवलं नाही.

"आणि आई?"

बाबांनी माझा हात सोडला. मूठ मिटली. छातीवर ठेवली. काल होती तशीच घट्ट, नखं तळव्यात रुतवून. आईच्या वतीनं "झालं गेलं" म्हणणारं तिथं कुणी नव्हतं. मी तोंड उघडलं आणि पुन्हा मिटलं. तो हक्क माझा नव्हता, ताईचाही नव्हता.

खाली दाराशी हिरव्या कपड्यातली सिस्टर उभी होती. तिनं कागद तपासला, बाबांचा डावा हात उचलला. "आजोबा, मूठ उघडा. बोटाला चिमटा लावायचाय."

मूठ उघडली नाही. तिनं बोटं सोडवायचा प्रयत्न केला. "आजोबा, सैल सोडा हात. घाबरू नका."

"सिस्टर," मी म्हणालो, "उजव्या हाताला लावा. हा हात कामात आहे."

तिनं माझ्याकडे पाहिलं, बाबांच्या मुठीकडे पाहिलं, आणि स्ट्रेचरला वळसा घालून पलीकडे गेली.